घोडीच्या आधी माझं नाव

माझ्याकडे सिनेमाच्या फिल्मचा हातभर तुकडा आहे. उजेडासमोर धरला की त्यावर एकाखाली एक बारीक चौकटी दिसतात आणि प्रत्येक चौकटीत हिंदीत लिहिलेलं असतं, 'घोड़ी – बिजली'. मी जयपुरात अकरा सिनेमे लिहिले. त्यांतलं माझ्याजवळ उरलं ते एवढंच. बिजली ही घोडी होती, मी नव्हे.

इथल्या मराठी मंडळातल्या मुली दिवाळी अंकासाठी लेख मागायला आल्या तेव्हा म्हणाल्या, काकू, तुम्ही पटकथालेखिका होता, त्याबद्दल लिहा. हा शब्द स्वतःबद्दल मी पहिल्यांदाच ऐकला. मी कराडजवळच्या गावात चौथीपर्यंत शिकले. त्या काळात मला सगळे 'कहानीवाली भाभी' म्हणायचे, आणि ते बरोबर होतं. मी लिहीत नव्हते, सांगत होते. लिहायचे ते मास्टरजी. पण त्यांच्याकडे नंतर येते.

आमचे हे फौजेत हवालदार होते, स्टोअरमध्ये. शेवटची बदली जयपूरची. पेन्शनीत निघाल्यावर मुलांच्या शाळेसाठी आम्ही इथेच, फौजी क्वार्टरांना लागून खोली घेऊन राहिलो आणि यांना बनवारीलालजींच्या गोदामात नोकरी लागली. बनवारीलालजींचं चारदीवारीच्या आत, म्हणजे तटबंदीतल्या जुन्या जयपुरात, टेंट हाउस होतं. लग्नाला लागणारं सगळं भाड्यानं मिळे. शामियाने, खुर्च्या, जनरेटर, दिवे, साफे, नवरानवरीची सिंहासनं, बँडवाल्यांचे लाल कोट, आणि नवरदेवासाठी घोडी. हंगामात त्यांना जेवायला फुरसत नसे. पण आषाढात देव झोपले की चार महिने लग्नं बंद, आणि सगळा माल गोदामात पडून. जनरेटरला गंज, साफ्यांना कसर, घोडीला फुकट चारा. बनवारीलालजींना हे सहन होईना. म्हणून ते सिनेमे काढायला लागले. लोक कलेसाठी सिनेमा काढतात असं मी ऐकलं आहे. आमच्याकडे तो जनरेटरला गंज लागू नये म्हणून निघायचा.

त्यांनी पहिला लेखक अजमेरहून आणला, शायर होता. त्यानं पहिल्याच पानावर शंभर घोडेस्वार, जळणारा किल्ला आणि समुद्र लिहिला. बनवारीलालजींनी नम्रपणे विचारलं की जयपुरात समुद्र कुठून आणू. शायराला अपमान वाटला आणि तो दुपारच्या बसनं परत गेला. त्याच दिवशी आमचे हे गोदामाच्या रजिस्टरवर सही घ्यायला गेले होते. बोलता बोलता म्हणाले, आमच्या घरी तर रोज दुपारी भुतं निघतात, क्वार्टरमधल्या आठ-दहा बायका तोंड उघडून बसलेल्या असतात आणि मला चहा मिळत नाही. यांची ती तक्रार होती. बनवारीलालजींनी ती शिफारस समजली.

दुसऱ्या दिवशी ते आमच्या खाटेवर येऊन बसले. भाभीजी, म्हणाले, एक डरावनी कहानी चाहिए. मी विचारलं, तुमच्याकडे सामान काय आहे? ते म्हणाले, मतलब? मी म्हटलं, स्वयंपाकाला बसायच्या आधी डब्यात काय आहे ते बघते मी. तेव्हा यांनी उभं राहून रजिस्टर पाठ म्हणून दाखवलं. खुर्च्या दीडशे, जनरेटर दोन, सिंहासन जोडी एक, ढोल तीन, त्यांपैकी एक फाटका. शिवाय बनवारीलालजींच्या एका नातेवाइकाची आमेरला रिकामी हवेली होती, मागे पायऱ्यांची बावडी. मी म्हटलं, मग लग्न आहे. वरात हवेलीत येते. बँड वाजतो. नवरी बावडीवर पाणी प्यायला जाते आणि परत येत नाही. बनवारीलालजींनी यांच्याकडे बघितलं आणि म्हणाले, हवालदार साहब, आपको चाय की क्या ज़रूरत है?

माझा धंदा एवढाच. आधी यादी, मग गोष्ट. मोठे लेखक आधी गोष्ट लिहितात आणि मग सामान शोधत फिरतात, असं मी नंतर ऐकलं. मला ते उलटं वाटतं. आमच्या अकराही सिनेमांत लग्न आहे, कारण लग्नाचं सामान घरचं होतं. अकरांपैकी नऊ सिनेमांत मी बाईला विहिरीत ढकललं, कारण विहीर फुकट होती. आता या वयात कधी कधी वाटतं, एखाद्या वेळी आधी पुरुषाला ढकलायला हरकत नव्हती. तेव्हा सुचलं नाही.

मास्टरजी शाळेतून निवृत्त झालेले, लग्न न केलेले, हस्ताक्षर मोत्यासारखं. मी माझ्या हिंदीत बोलायचे, ते चांगल्या हिंदीत उतरवायचे. मी म्हणायचे, ती ओरडते. ते लिहायचे, 'उसका आर्तनाद गूँज उठता है.' मी म्हणायचे, तेच का? ते म्हणायचे, वही है भाभीजी, बस नहाकर आया है. चार दिवसांत गोष्ट पूर्ण, दहा-बारा दिवसांत शूटिंग. पात्रांची बोलणी नंतर एका खोलीत बसून भरायची, तोंड हलेल तशी. आणि बाहेरच्या लोकांना आश्चर्य वाटेल, आमच्या सिनेमातली रात्र सगळी दिवसा काढलेली असायची. कॅमेऱ्यावर निळी काच लावली की दुपारचे दोन म्हणजे मध्यरात्र. फक्त भुताला घाम येऊ द्यायचा नाही. एक गडी सतत त्याचं तोंड पुसायला ठेवलेला होता.

तिसरा सिनेमा डाकूचा होता. बनवारीलालजी म्हणाले, घोडी आहे तर डाकू का नाही? मलाही पटलं. शूटिंगला कळलं की बिजली वरातीची घोडी. तिनं आयुष्यात कधी धावून पाहिलं नव्हतं. चार पावलं टाकायची, थांबायचं, माणसं नाचून घेतात तोवर उभं राहायचं, पुन्हा चार पावलं. डाकू टाच मारतोय, शिव्या देतोय, आणि बिजली थांबून वाट बघतेय की कोणी नाचतंय का. गावकरी हसून लोळायला लागले. डाकू रडायच्या बेताला आला. मी मास्टरजींना म्हटलं, लिहा. हा डाकू कधीच घाईत नसतो. गाव लुटायला येतो तोही सावकाश. सगळे पळतात, तो थांबतो, पुन्हा चार पावलं येतो. त्याच्या तोंडी एकच वाक्य, 'हम भागते नहीं, आते हैं.' तो सिनेमा सात आठवडे चालला. चारदीवारीत पोरं एकमेकांच्या अंगावर तसं चालत जायची. बनवारीलालजींनी खूश होऊन पडद्यावर नावं येतात त्यांत घोडीचं नाव घातलं.

मी तो सिनेमा बघायला गेले आणि घोडीचं नाव वाचलं. मग माझं शोधलं. कथेच्या जागी 'तूफ़ान जयपुरी' होतं. असा माणूसच नव्हता. ते नाव बनवारीलालजींनी साफ्याच्या खोक्यावर बघून बनवलं होतं.

मी जाऊन सरळ विचारलं. ते म्हणाले, भाभीजी, बाईचं नाव दिसलं की लोकांना वाटतं भक्तीचा सिनेमा आहे, नारळ घेऊन येतील. मी म्हटलं, घोडी बाईच आहे. ते म्हणाले, घोडी पडद्यावर दिसते. हे खरंच होतं, म्हणून मला जास्त राग आला.

नाव कशाला हवं होतं, असं यांनीही विचारलं होतं. मला फार मोठं कारण सांगता येत नाही. क्वार्टरमध्ये मी गोष्ट सांगायचे तेव्हा बायकांना माझं तोंड दिसायचं. त्या घाबरल्या की माझ्याकडे बघायच्या, रागावल्या की मला म्हणायच्या, मेली, कशाला मारलंस तिला. सिनेमाच्या अंधारात लोक घाबरायचे आणि कोणाकडे बघायचं ते त्यांना माहीत नसायचं. तोंड नाही तर नाव तरी. प्रत्येक सिनेमाला मी मागत राहिले, प्रत्येक सिनेमाला बनवारीलालजी म्हणत राहिले, अगली बार.

आता अकराव्या सिनेमाकडे येते. त्याचं नाव ठरलं होतं 'कुँवारी चुड़ैल'. एका मुलीचं लग्न ठरतं, हळद लागते, ठाकूर तिला बावडीत ढकलतो, आणि ती भूत होऊन आपला नवरदेव शोधत हवेलीच्या खोल्याखोल्यांतून फिरते. चुडैल झाली होती झरना, कलकत्त्याची मुलगी, ऑर्केस्ट्रात गायची. शांत होती, दोन डाव भात खायची आणि सांगितलं तेवढं ओरडायची.

कॅमेरामन म्हणाला, चुडैलीला पांढरं नको, निळ्या काचेतून पांढरं फार चमकतं. लाल नको, लाल काळं दिसतं. पिवळं द्या. मला आनंदच झाला. आमच्याकडे नवरी पिवळंच नेसते, अष्टपुत्री. हळद लागलेली मुलगी म्हणजे पिवळीच पाहिजे. मी स्वतः बाजारात गेले. चारदीवारीतल्या एका दुकानात मला हवी तशी ओढणी टांगलेली होती. पिवळीजर्द, लाल काठ, मध्ये मोठं लाल कमळासारखं गोल. दुकानदार फार भला. घडी घालता घालता म्हणाला, बधाई हो बहनजी, आणि माझ्या हातावर खडीसाखर ठेवली. मला वाटलं, आमच्या सिनेमाची बातमी बाजारात पोचली. मी म्हटलं, अजून व्हायचा आहे. तो जरा गोंधळलेला दिसला.

सहा दिवस आमेरला शूटिंग झालं. बनवारीलालजी सिनेमा विकत घेणाऱ्यांच्या मागे दिल्लीला गेले होते. कॅमेरामन मुंबईचा, झरना कलकत्त्याची, मास्टरजी बिनलग्नाचे, मी कराडची. बाकीचे टेंट हाउसचे गडी. पुरुषांना ओढणी दिसते, कोणती ते दिसत नाही. सहा दिवस झरना त्या ओढणीत बावडीतून वर आली, खोल्यांतून फिरली, पलंगांवरच्या चादरी उचलून बघितल्या, खिडकीत उभी राहून 'मेरा दूल्हा कहाँ है' असं ओरडली.

सातव्या दिवशी आमेरच्या बायका बघायला आल्या आणि बावडीच्या कठड्यावर ओळीनं बसल्या. झरना पायऱ्या चढून वर आली तशा त्या पुढे वाकल्या. माझ्या शेजारी एक म्हातारी होती, हातभर हस्तिदंती चुडे घातलेली. तिनं हळूच विचारलं, "बेचारी जच्चा थी? जापे में मरी?"

जच्चा म्हणजे बाळंतीण, जापा म्हणजे बाळंतपण. मी म्हटलं, नाही आजी, कुँवारी आहे. लग्न व्हायचंय तिचं.

म्हातारीनं माझ्याकडे बघितलं, झरनाकडे बघितलं, पुन्हा माझ्याकडे बघितलं. मग तिनं पदर तोंडावर घेतला. तिचे खांदे हलायला लागले. ओळभर बायकांत ते पसरत गेलं. एक सून हसता हसता कठड्यावरून पडता पडता वाचली. एकीनं मात्र दोन मुलींचे हात धरले आणि त्यांना घेऊन निघून गेली, म्हणाली, शहरातले लोक काहीही दाखवतात.

मग म्हातारीनं मला समजावलं. त्या ओढणीला इथे 'पीला' म्हणतात. मूल झालं की माहेरून येते. बाळंतीण ती पांघरून विहिरीची पूजा करायला जाते. बिनलग्नाच्या मुलीनं ती घेतली तर काय अर्थ होतो ते शेंबड्या पोरालाही कळतं. मला खडीसाखर आठवली.

बनवारीलालजी त्याच दिवशी दिल्लीहून परत आले. आनंदात होते, सिनेमा घेणारा मिळाला होता. मी त्यांना सांगितलं. आडपडदा मला येत नाही. ते बावडीच्या पायरीवर बसले आणि त्यांनी झरनाच्या ओढणीकडे बोट केलं.

"भाभीजी," ते म्हणाले, "आपने मेरी कुँवारी को माँ बना दिया."

पुन्हा काढणं शक्य नव्हतं. कच्ची फिल्म फक्त तीन दिवसांची उरली होती, झरनाचं तिकीट काढलेलं होतं आणि देव उठायला आठवडा राहिला होता. देव उठले की पहिल्या मुहूर्ताला जनरेटर, दिवे, घोडी, सगळं लग्नांना जाणार. बनवारीलालजी म्हणाले, हा सिनेमा जयपुरात लागला तर बायका हसून उठून जातील आणि पुरुष खुर्च्या फोडतील. भाभीजी, जेवणापर्यंत काहीतरी करा. काय मागाल ते देतो.

मी म्हटलं, माझं नाव.

ते म्हणाले, देतो.

मी म्हटलं, घोडीच्या आधी.

त्यांनी जरा विचार केला. मग म्हणाले, "ठीक है. घोड़ी से मैं बात कर लूँगा."

मी म्हातारीच्या शेजारी जाऊन बसले आणि तिला विचारलं, विहिरीच्या पूजेला काय काय करतात ते सगळं सांग. तिनं सांगितलं. डोक्यावर कलश, पुढे ढोल, मागे बायका गात जातात, बाळंतीण पीला पांघरून मध्ये. विहिरीशी वाकून हळदकुंकू वाहते. मी म्हटलं, वाकते ना? वाकते, म्हणाली. बस. मला तेवढंच हवं होतं. वाकलेल्या बाईला ढकलायला काय लागतं?

मास्टरजींना मी जेवणाआधी सगळं सांगून टाकलं. मुलीनं ठाकुराच्या मुलाशी देवळात गुपचूप लग्न केलं होतं. मूल झालं. ठाकुराला ते नको होतं. पूजेच्या दिवशी विहिरीशी वाकली असताना त्यानं तिला ढकललं, पीला पांघरलेली असताना. म्हणून ती त्याच ओढणीत वर येते. खोल्यांतून फिरते ती नवरदेवासाठी नाही, बाळासाठी. चादरी उचलून बघते ते कशासाठी, ते आता आपोआप कळतं. सहा दिवसांचं एक रीळही वाया गेलं नाही. 'मेरा दूल्हा कहाँ है' म्हणत तोंड हललं होतं, तिथे आम्ही 'मेरा लल्ला कहाँ है' भरलं. केस तोंडावर होते, फारसं कळलं नाही. मास्टरजी लिहिता लिहिता थांबले आणि म्हणाले, भाभीजी, यह तो पहले से अच्छी है. मला माहीत होतं. पण चुकीतून आली होती, म्हणून मी म्हटलं, लिहा पुढे.

फक्त एक भोक राहिलं. बाळ. मिरवणुकीत बाळंतिणीच्या कडेवर तान्हं बाळ पाहिजे. आमेरमध्ये आम्ही घरोघर विचारलं. कुठली आई आपलं पोर चुडैलीच्या हातात देईल? बायका मला दारातूनच हात जोडायच्या. बनवारीलालजी स्वतःचा नातू आणायला घरी गेले आणि सेठाणीनं त्यांना काय ऐकवलं ते त्यांनी आम्हाला सांगितलं नाही, पण परत आले ते नातवाशिवाय. बाहुली मला नको होती. दुसऱ्या सिनेमात आम्ही बाहुली वापरली होती आणि ती हातातून पडल्यावर खडखड वाजली होती. म्हणून मी ठरवलं, बाळ दाखवायचंच नाही. मिरवणुकीत बाळंतीण रिकाम्या हातानं चालली, तीन ढोल पुढे. त्यांतला फाटका ढोल गड्यानं नुसता गळ्यात अडकवला होता, टिपरी हवेत मारत होता. शेवटी चुडैल ठाकुराला बावडीत ओढून नेते.

बनवारीलालजींनी विचारलं, पण भाभीजी, बच्चा गया कहाँ?

मी म्हटलं, शेवटी मोठी मारामारी ठेवली आहे, कोणी विचारणार नाही. अकरा सिनेमांच्या अनुभवावरून बोलले होते.

सिनेमाचं नाव 'पीली ओढ़नी' ठेवलं. प्रत एकच काढली. चारदीवारीतल्या जुन्या थिएटरात लागला, पहिल्या दिवशी पन्नास माणसं. दुसऱ्या दिवशी काही बायका आल्या. तिसऱ्या दिवशी त्यांनी सासवा आणल्या. रविवारी मी गेले, क्वार्टरमधल्या चौदा बायकांना घेऊन. रविवार अशासाठी की त्या दिवशी नवरे घरी असतात आणि पोरं त्यांच्यावर टाकता येतात. बायकांना मी सांगून ठेवलं होतं की सुरुवातीलाच नीट बघा, माझं नाव येतं, मग लगेच घोडीचं.

दिवे गेले. सरकारी सर्टिफिकेट आलं. आणि सरळ बावडी.

चौदा बायका माझ्याकडे बघायला लागल्या. शेजारची गढवाली बाई म्हणाली, भाभी, घोड़ी का भी नहीं आया. तिला मला धीर द्यायचा होता.

मध्यांतरात मी जिना चढून ऑपरेटरच्या खोलीत गेले. ऑपरेटर नुसत्या बनियनवर बसून काकडी खात होता. बायकांची गर्दी वाढली म्हणून मॅनेजरनं चाराचे पाच खेळ केले होते. वेळ पुरवायला ऑपरेटरनं नावं कापली होती. सर्टिफिकेट कापलं तर पोलिस येतात, नावं कापली तर कोण येतं, असं त्यानं मला विचारलं. मी म्हटलं, मी आले आहे. त्यानं काकडी खाली ठेवली. माणूस वाईट नव्हता. डब्यातून रिळाची गुंडाळी काढली, माझं नाव शोधलं, त्याला लागून घोडी होती तेवढा भाग कापून माझ्या हातात दिला. म्हणाला, माताजी, आठवड्यानं गर्दी ओसरली की सेठजींना घेऊन या, एवढं मी जोडून देईन. तोवर तुमचं तुम्ही सांभाळा, इथे पायाखाली येईल.

मी ती पट्टी पिशवीत घातली आणि उरलेला सिनेमा बघितला. शेवटच्या भागात झरना चादरी उचलून 'मेरा लल्ला' म्हणत फिरायला लागली तेव्हा आजूबाजूला नाकं ओढल्याचे आवाज यायला लागले. भुताच्या सिनेमात कोणी रडलेलं मी आधी ऐकलं नव्हतं. मला जरा भीतीच वाटली.

बाहेर पायऱ्यांवर एक बांगडीवाली उभी होती, लाखेच्या बांगड्यांचं गाठोडं खांद्याला. आमच्याच खेळातून बाहेर आली होती, डोळे लाल. शेजारणींना ठणकावून सांगत होती की ही गोष्ट जिनं लिहिली ती बाईच आहे, आणि इथलीच आहे. पीला पांघरून विहिरीशी वाकलेली बाई बाहेरच्या माणसाला सुचूच शकत नाही.

मला खरं सांगायला हवं होतं की ती चूक होती. मी सांगितलं, "मैंने लिखी है."

तिनं मला खालपासून वरपर्यंत बघितलं. पाचवारी साडी, माझी हिंदी. "आप तो दक्खन की हो, बहनजी," ती म्हणाली, आणि बाकीच्या हसल्या. मी पिशवीतून पट्टी काढून तिच्या हातात दिली. तिनं ती उन्हासमोर धरली, एक डोळा मिटून बारकाईनं बघितली.

"पढ़ना तो मुझे आता नहीं." तिनं पट्टी खाली घेतली. "अच्छा, आपने लिखी है तो बताओ. बच्चा कहाँ गया?"

माझ्या मागे क्वार्टरच्या चौदा बायका. पुढे ती आणि तिच्या शेजारणी. सगळ्या माझ्या तोंडाकडे बघत होत्या.

खरी गोष्ट अशी होती की मला माहीत नव्हतं. मी डोळ्यांसमोर यांचं रजिस्टर आणलं. खुर्च्या दीडशे, जनरेटर दोन, सिंहासन जोडी एक.

मी विचारलं, मिरवणुकीत ढोल किती होते?

तीन, ती म्हणाली.

मी विचारलं, वाजत किती होते?

तिनं बोटांवर मोजलं. मग हळूहळू म्हणाली, "दो. एक चुप था."

मी म्हटलं, का गप्प होता? टिपरी हवेत मारत होता तो माणूस, चामड्याला लागू देत नव्हता. कारण ढोल एका बाजूनं फाडलेला होता आणि आत बाळ निजलेलं होतं. आईला आदल्या दिवशीच संशय आला होता. तिनं ढोलवाल्याच्या पायावर डोकं ठेवलं होतं. म्हणून ती मिरवणुकीत रिकाम्या हातानं चालली. तिला ढकललं तेव्हा सगळे विहिरीकडे धावले आणि ढोलवाला उलट्या दिशेनं चालत राहिला, सगळ्यांच्या देखत, हवेत टिपरी मारत. बाळ जिवंत आहे. फक्त आईला ते माहीत नाही, कारण ती त्याला पलंगावर शोधते.

बांगडीवालीनं दोन्ही हात तोंडावर ठेवले. मग वळून शेजारणींना म्हणाली, "इसी ने लिखी है."

तिनं पट्टी लगेच परत केली नाही. माझं नाव कोणतं ते मला विचारलं, त्या जागेवर नख रोवलं आणि म्हणाली, एवढं मला द्या. मी म्हटलं, तुला वाचता येत नाही, करशील काय? ती म्हणाली, वाचणाऱ्याला दाखवीन. म्हणेन, सगळ्या जयपूरनं ही पिक्चर बघितली, पण बच्चा कुठे गेला ते या बाईनं फक्त मला सांगितलं. तिच्या गाठोड्यात कात्री होती. तिनं माझं नाव संपून घोडी सुरू होते तिथे बरोबर कापलं आणि घोडी मला परत दिली.

बाळाची गोष्ट पडद्यावर कधी आली नाही. पुढच्या वर्षी बनवारीलालजी लग्नांना व्हिडिओ कॅमेरा भाड्यानं द्यायला लागले. चातुर्मासात त्याच्याबरोबरचा व्हीसीआर टीव्हीसकट सिनेमे दाखवायला गल्लीगल्लीत जाऊ लागला आणि गंज लागायचा प्रश्न मिटला. मास्टरजींचंही नाव कुठे आलं नाही, आणि मी त्यांच्यासाठी कधी मागितलं नाही. ते मला खुपतं.

आठवड्यानं ठरल्याप्रमाणे बनवारीलालजींना घेऊन मी ऑपरेटरकडे गेले. त्यानं माझ्याकडची पट्टी दिव्यासमोर धरली, इकडून बघितली, तिकडून बघितली.

"इसमें तो सिर्फ़ घोड़ी है," तो म्हणाला. "माताजी का नाम कहाँ है?"

बनवारीलालजी घाबरून माझ्याकडे बघायला लागले. मी म्हटलं, बांगडीवालीकडे. आता घोडी तेवढी परत द्या.